पोलिसांच्या चौकशीत कोर्ट कुठपर्यंत हात घालतं?

बोरीबाभळी · २८ सप्टेंबर

नमस्कार मंडळी. इथे बरीच वर्षं वाचतोय, लिहितोय पहिल्यांदाच. लांबेल, सांभाळून घ्या.

माझे चुलते बहात्तर वर्षांचे. आयुष्यभर कंडक्टर म्हणून राबले. निवृत्तीच्या पैशांतून तालुक्याच्या गावी एक एनए (बिगरशेती) प्लॉट घ्यायचं ठरवलं. २०२३ च्या दिवाळीत विसार दिला. चार लाख आरटीजीएसने, दोन लाख रोख. शंभराच्या स्टॅम्पवर विसार पावती, दोन साक्षीदारांच्या सह्या. सहा महिन्यांत खरेदीखत करून देतो, असं प्लॉट विकणारा म्हणाला. मग आज या, उद्या या, सासरे वारले, रजिस्ट्रार ऑफिस बंद आहे. वर्ष गेलं.

फेब्रुवारी २०२५ मध्ये पोलीस ठाण्यात तक्रार अर्ज दिला. पोहोच आहे, शिक्का आहे. समोरच्याला एकदा बोलावून जबाब घेतला असं कळलं. त्यानंतर ‘चौकशी चालू आहे’, आणि जुलैत तोंडी उत्तर, ‘हे दिवाणी आहे, कोर्टात जा.’ कोर्टात जा म्हणाले म्हणून आम्ही थेट उच्च न्यायालयात रिट टाकली. पाच महिन्यांची घालमेल, आणि सुनावणी तीन-चार मिनिटांची. पर्यायी मार्ग उपलब्ध आहे, तो वापरा, असं म्हणून रिट निकाली.

काका तेव्हापासून गप्प आहेत. कोर्टानेही आपल्याला खोटं ठरवलं असं त्यांना वाटतंय. मी त्यांना काय सांगू? एवढं मोठं कोर्ट एका पीआयला (पोलीस निरीक्षकाला) ‘गुन्हा नोंदव’ एवढं एक वाक्य का सांगत नाही?

---

काळा_कोट · २८ सप्टेंबर

बोरीबाभळी, आधी काकांना हे वाचून दाखवा. त्यांना कुणीही खोटं ठरवलेलं नाही. उच्च न्यायालयाने तक्रारीत तथ्य आहे की नाही हे पाहिलेलंच नाही. ‘या दारातून नाही, त्या दारातून या’ एवढंच सांगितलंय. रिट फेटाळणं आणि पर्यायी मार्गासाठी निकाली काढणं यात फरक आहे. आदेशाची प्रत काढा, त्यात ‘सर्व मुद्दे खुले ठेवले आहेत’ अशा अर्थाचं वाक्य बहुतेक सापडेल.

आता ‘का’. डिसेंबर २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वासू प्रकरणात ही वाट आखून दिली. ठाण्यात गुन्हा नोंदवत नाहीत, तर पोलीस अधीक्षकांकडे (एसपी) लेखी जा. तिथेही काही होत नाही, तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १५६(३) चा अर्ज करा. दंडाधिकारी गुन्हा नोंदवायला सांगू शकतात, आणि तपास नीट होत नसेल तर त्यावर लक्षही ठेवू शकतात. तालुक्याच्या कोर्टात एवढे अधिकार असताना सगळे उच्च न्यायालयात आले तर तिथे दुसरं काही कामच होणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने पुढे महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात स्पष्ट म्हटलंय.

पर्यायी मार्ग असला की उच्च न्यायालयाला हातच घालता येत नाही असं नाही. अधिकार आहेच. पण तो अधिकार न वापरण्याची शिस्त न्यायालयाने स्वतःला लावून घेतली आहे.

दोन गोष्टी सांगा. एसपींना अर्ज दिला होता का? आणि त्या प्लॉटचा सातबारा, फेरफार (मालकी बदलल्याची नोंद) काढून पाहिलाय का?

---

बोरीबाभळी · २८ सप्टेंबर

वकीलसाहेब, आभार. काकांना वाचून दाखवलं. दोनदा वाचायला लावलं.

अर्ज आम्ही पालकमंत्री, जिल्हाधिकारी, मुख्यमंत्री कार्यालय, गृहमंत्री सगळ्यांना पाठवले. एसपींचं नाव खाली ‘प्रत माहितीसाठी’ म्हणून टाइप केलं होतं, पण ती प्रत पाठवायची राहून गेली.

फेरफार गेल्या महिन्यात काढला. त्यावरून दिसतं की त्याने तो प्लॉट जून २०२३ मध्येच दुसऱ्याला विकला होता. म्हणजे आम्ही विसार दिला त्याच्या चार-पाच महिने आधी. हे अर्जात नव्हतं, कारण तेव्हा आम्हाला माहीतच नव्हतं.

---

काळा_कोट · २८ सप्टेंबर

तुमची सगळी केस या फेरफारात आहे, आणि नेमका तोच कुणापुढे ठेवला गेलेला नाही.

पैसे घेतले आणि नंतर खरेदीखत दिलं नाही, तर तो करारभंग. त्याला दिवाणी दावा. पण पैसे घेताना फसवण्याचा हेतू आधीपासून होता, तर ती फसवणूक. सर्वोच्च न्यायालयाने ही रेघ अनेकदा ओढली आहे: हेतू सुरुवातीपासून होता का, हे बघायचं. तुमचा पहिला अर्ज वाचून ठाणे अंमलदाराला ‘दिवाणी आहे’ असं वाटणं अगदीच गैर नव्हतं. विकून टाकलेला प्लॉट दाखवून विसार घेतला, हे समोर आल्यावर मात्र तसं म्हणता येणार नाही.

२०१३ च्या ललिताकुमारी निकालात पाच न्यायमूर्तींनी सांगितलं की माहितीवरून दखलपात्र गुन्हा (ज्याचा तपास पोलीस कोर्टाच्या हुकमाशिवाय करू शकतात असा) दिसत असेल तर एफआयआर नोंदवलाच पाहिजे, तिथे पोलिसांना मर्जी नाही. पण काही प्रकारांत आधी प्राथमिक चौकशीची मुभा ठेवली. नवरा-बायकोचे आणि घरगुती वाद, व्यापारी व्यवहार, डॉक्टरांचा हलगर्जीपणा, भ्रष्टाचार, आणि तक्रारीला कारण न देता तीन महिन्यांहून जास्त उशीर झालेला असेल तर. तुमचं प्रकरण यातल्या दोन प्रकारांत बसतं, व्यवहार आणि उशीर. म्हणून चौकशी लावणं चूक नव्हतं. तिला मुदत मात्र आहे. आधी सात दिवस म्हटलं होतं, मग २०१४ मध्ये ती पंधरा दिवस आणि अपवादात्मक स्थितीत सहा आठवडे केली. पाच-पाच महिने ‘चालू आहे’ हे त्यात बसत नाही.

व्यवहार जुलै २०२४ च्या आधीचा, म्हणून गुन्ह्याचं कलम जुन्या भादंविचं (भारतीय दंड विधान), ४२०. कार्यपद्धती मात्र नवी, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची. एसपींकडचा अर्ज कलम १७३(४) खाली, दंडाधिकाऱ्यांकडचा १७५(३) खाली. जुना १५६(३) तो हाच. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र लागतं. ते २०१५ पासून निकालाने बंधनकारक होतं, आता कायद्यातच आलं. आणि दंडाधिकाऱ्यांनी आदेशाआधी पोलिसांचं म्हणणं विचारात घ्यायचं, हेही नवीन आहे.

---

जुना_हवालदार · २९ सप्टेंबर

मी खात्यातून सहायक फौजदार म्हणून निवृत्त झालो. दुसरी बाजू सांगतो, राग मानू नका.

लोकांना वाटतं अर्ज दिला म्हणजे तपास सुरू झाला. तसं नसतं. अर्ज चौकशी वेगळी, तपास वेगळा. अर्ज चौकशीत मी समोरच्याला समजपत्र देऊन बोलावतो, तो आला तर जबाब घेतो, नाही आला तर पुन्हा बोलावतो. मला त्याला अटक करता येत नाही, खातं गोठवता येत नाही, कागद जप्त करता येत नाहीत, पंचनामा नाही. ते सगळे अधिकार गुन्हा रजिस्टरला चढल्यावर येतात. आठ महिने चौकशी चालली तरी हातात दोन जबाबांपलीकडे काही नसतं, ते यामुळे.

आणि बऱ्याच तक्रारी अशा असतात की ज्यांत आम्हाला मुळात तपासच करता येत नाही. भांडण झालं, शिवीगाळ झाली, बघून घेईन म्हणाला. जुन्या कायद्यातली ३२३, ५०४, ५०६, सगळ्यांना पाठ आहेत. ही अदखलपात्र. एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) फाडून देतो आणि कोर्टात दाद मागा म्हणून समज देतो. लोक म्हणतात पोलिसांनी हाकललं. कायदाच सांगतो की दंडाधिकाऱ्यांच्या हुकमाशिवाय अदखलपात्र गुन्ह्याचा तपास करायचा नाही. इथे कोर्ट आडवं येत नाही. कोर्टाशिवाय आम्हाला पाऊल टाकता येत नाही.

एक खरं सांगतो, मनाला लागलेलं आहे म्हणून सांगतो. पैशाच्या तक्रारींत दहातले कितीतरी लोक गुन्हा नोंदवायला येत नाहीत. ‘साहेब, फक्त बोलावून दम द्या, पैसे निघतील’ एवढंच पाहिजे असतं. काही ठिकाणी तसा दम दिला जातो, आणि त्यातूनच खातं बदनाम होतं. पोलीस वसुलीसाठी नाहीत, हे सर्वोच्च न्यायालय वारंवार सांगतंय. एप्रिल २०२५ मध्ये उत्तर प्रदेशातल्या अशाच प्रकरणांत सरन्यायाधीशांनी कडक शब्दांत सुनावलं, की दिवाणी भांडणांचे फौजदारी गुन्हे करणं थांबवा. तेव्हा पीआय बिचकतो. नोंदवला तरी बोल, नाही नोंदवला तरी बोल.

काकांचं प्रकरण मात्र मला खरं वाटतंय. फेरफाराची प्रत घेऊन एसपींकडे जाच.

---

रानवारा · २९ सप्टेंबर

हवालदारसाहेब, तुमच्याबद्दल आदर ठेवून लिहितो. वकीलसाहेबांबद्दलही.

ही शिडी कागदावर छान दिसते. पण पाहा, ठाण्याने ऐकलं नाही म्हणून एसपींकडे. एसपी तो अर्ज ‘योग्य कार्यवाहीसाठी’ म्हणून त्याच ठाण्यात पाठवतात. मग दंडाधिकाऱ्यांकडे. ते अहवाल मागवतात, कुणाकडून? त्याच ठाण्याकडून. ज्याच्याविरुद्ध गाऱ्हाणं, त्यालाच विचारायचं की गाऱ्हाणं खरं आहे का. बहात्तर वर्षांच्या माणसाने दर पायरीला वकील करायचा, दर पायरीला सहा महिने. आणि एवढं करून उच्च न्यायालयात गेला तर त्याला पहिल्या पायरीवर परत पाठवायचं.

मग दाभोलकरांच्या खुनाच्या तपासावर मुंबई उच्च न्यायालयाने इतकी वर्षं लक्ष ठेवलं ते कसं? तिथे जमलं तर इथे का नाही? नाव मोठं असलं की दार उघडतं का?

---

काळा_कोट · ३० सप्टेंबर

रानवारा, पहिल्या परिच्छेदातलं मी नाकारणार नाही. रोज बघतो. १७५(३) मध्ये पोलिसांचं म्हणणं घेण्याची तरतूद आली तेव्हा आम्हा वकिलांतही हीच चर्चा होती.

दाभोलकरांचं उदाहरण मात्र उलट बाजूने बघा. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात खून झाला. २०१४ मध्ये उच्च न्यायालयाने तपास सीबीआयकडे दिला. पुढे अनेक वर्षं तपासाचे अहवाल न्यायालयात येत राहिले. पण त्या सगळ्या काळात न्यायालयाने काय केलं? काय प्रगती, किती अधिकारी नेमलेत, हत्याराचा शोध कुठवर आला, हे विचारलं. अमक्याला पकडा, तमका दोषी आहे, असं न्यायालय म्हणालं नाही. आणि खटला सुरू झाल्यावर, एप्रिल २०२३ मध्ये, देखरेख कायम चालू ठेवता येणार नाही म्हणून ती थांबवली. मे २०२४ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने दोघांना जन्मठेप दिली, तिघांना सोडलं. म्हणजे एवढ्या मोठ्या प्रकरणातही न्यायालय तपासाच्या मागे उभं राहिलं, तपास हातात घेतला नाही. ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेतल्या मुलींच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली, तिथेही गुन्हा नोंदवायला उशीर का, जबाब वेळेत का नाहीत, हेच प्रश्न होते.

ही रेघ खूप जुनी आहे. १९४४ मध्ये लाहोरच्या एका प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलसमोर (ब्रिटिश काळातलं सर्वांत वरचं अपील न्यायालय) हाच वाद गेला. लाहोर उच्च न्यायालयाने पोलिसांचा तपासच रद्द केला होता. प्रिव्ही कौन्सिलने तो आदेश फिरवला. पोलिसांचं काम आणि न्यायालयाचं काम एकमेकांना पूरक आहे, एकावर एक चढणारं नाही, अशी भूमिका घेतली. आजही कुठलाही सरकारी वकील उभा राहिला की पहिलं हेच वाचतो.

मला स्वतःला ही रेघ पटते, आणि का ते सांगतो. न्यायाधीश जर तपासाला दिशा देऊ लागला, ‘याला धरा, हा कागद त्याच्याविरुद्ध वापरा’ म्हणू लागला, तर उद्या तोच आरोपी त्याच न्यायव्यवस्थेपुढे निःपक्षपाती निवाडा मागायला कसा येईल? तपास करणारा आणि न्याय करणारा एकच झाला की आरोपीला जागाच उरत नाही. आज आपण फिर्यादी आहोत म्हणून न्यायालयाने पोलिसांना दामटावं असं वाटतं. उद्या आपल्याच घरातला कुणी आरोपी असू शकतो.

---

वाशीकर · ३० सप्टेंबर

शेवटचं वाक्य वाचून लिहायला बसलो. मी तो ‘आपल्याच घरातला आरोपी’ आहे.

माझ्या धाकट्या भावाचं आणि वहिनींचं जमलं नाही. ४९८अ ची (सासरी छळाची) तक्रार झाली, त्यात आई-बाबा, मी, माझी बायको, सगळ्यांची नावं. आम्ही लग्नाआधीपासून वाशीत वेगळे राहतो, वर्षातून गणपतीला भेट. मला वाटलं उच्च न्यायालयात गेलो की एका तारखेत तपास थांबेल. थांबला नाही. आमच्या वकिलांनी ‘सक्तीची कारवाई करू नये’ असा अंतरिम आदेश मागितला, तोही मिळाला नाही. तेव्हा मी रात्र-रात्र जागा होतो. कोर्टाला दिसत नाही का की आम्ही तिथे राहतच नाही?

आता चार वर्षांनी शांतपणे सांगू शकतो. अटक झाली नाही, कारण २०१४ च्या अर्नेशकुमार निकालामुळे अशा गुन्ह्यात आधी नोटीस द्यावी लागते. नोटीस आली, मी हजर झालो, वीजबिलं, भाडेकरार, मुलीच्या शाळेचे दाखले दिले. तरी आरोपपत्रात नाव आलंच. मग उच्च न्यायालयाने माझं आणि बायकोचं नाव रद्द केलं, कारण आमच्याबद्दल सगळं मोघम होतं. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंच आहे की नातेवाइकांवर नुसते ढोबळ आरोप करून खटला चालवता येत नाही.

बरोबर झालं, पण कागद पुरता समोर आल्यावर झालं. पहिल्याच दिवशी कोर्टाने माझ्या शब्दावर तपास थांबवला असता तर उद्या खरोखर छळलेल्या मुलीचाही तपास कुणाच्या तरी शब्दावर थांबला असता. तेव्हा हे पटत नव्हतं. आज माझी मुलगी अकरावीत आहे, तर पटतं.

---

काळा_कोट · ३० सप्टेंबर

वाशीकर, मनापासून लिहिलंत.

तुम्हाला अंतरिम आदेश का मिळाला नाही त्याचंही मूळ महाराष्ट्रातच आहे. १३ एप्रिल २०२१ ला सर्वोच्च न्यायालयाने निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाचा असाच अंतरिम आदेश रद्द केला. तपास अगदी कोवळ्या अवस्थेत असताना कारण न देता ‘सक्तीची कारवाई नको’ म्हणू नका, एफआयआर म्हणजे सगळ्या तपशिलांचा कोश नव्हे, पोलिसांना तपास पुरा करू द्या, असं तीन न्यायमूर्तींनी सांगितलं. तपास रद्द करायचा तो मुख्यतः सर्वोच्च न्यायालयाच्या भजनलाल निकालातल्या सात प्रकारांत बसत असेल तर. आरोप जसेच्या तसे खरे मानले तरी गुन्हा होत नाही, आरोप कुणाही शहाण्या माणसाला अशक्य वाटावेत असे आहेत, किंवा निव्वळ वैयक्तिक सूड उगवायला तक्रार केली आहे, असे ते प्रकार.

म्हणजे फिर्यादीला ‘पोलिसांना ढकला’ म्हणताना जी मर्यादा आड येते, आरोपीला ‘पोलिसांना थांबवा’ म्हणतानाही तीच येते.

---

सायली७९ · १ ऑक्टोबर

मला या धाग्यात न आलेला टप्पा सांगायचाय. गुन्हा नोंदवला गेला की लोकांना वाटतं सुटलो. माझ्या बहिणीच्या प्रकरणात खरी कसोटी तिथून पुढे होती.

तिने सासरच्यांविरुद्ध स्त्रीधनाची तक्रार दिली होती. चौदा तोळे. गुन्हा नोंदवला, दोन-तीन जबाब झाले, आणि दहा महिन्यांनी पोलिसांनी कोर्टात ‘बी समरी’ पाठवली. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: आपल्याकडे तपास बंद करताना ‘ए’ म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही, ‘बी’ म्हणजे तक्रार खोटी आणि वाईट हेतूने दिलेली, ‘सी’ म्हणजे खरीही नाही खोटीही नाही, गैरसमजातून दिलेली किंवा दिवाणी स्वरूपाची. ‘बी’ हा शब्द ऐकल्यावर ती घरात कोसळली होती. शासनाच्या कागदावर आपण खोटारड्या ठरलो, असं.

कोर्टाची नोटीस आली. १९८५ च्या एका निकालामुळे तपास बंद करण्याआधी फिर्यादीला ऐकून घ्यावंच लागतं. आम्ही प्रोटेस्ट पिटिशन, म्हणजे समरीला हरकत घेणारा अर्ज, दिली. दागिन्यांच्या पावत्या, लग्नातले फोटो, लॉकर उघडल्याच्या तारखा. पोलिसांनी सराफाचा जबाबच घेतला नव्हता, हे दाखवलं.

इथे एक गोष्ट शिकले. आम्ही मागणी केली होती की पोलिसांना आरोपपत्र दाखल करण्याचा हुकूम द्या. दंडाधिकारी मॅडमनी सांगितलं की तो हुकूम मी देऊ शकत नाही. पोलिसांनी काय मत बनवायचं ते मी लिहून देऊ शकत नाही. मात्र त्यांच्या मताने मी बांधलेली नाही. मी समरी नामंजूर करू शकते, पुढचा तपास करायला सांगू शकते, किंवा कागदावरून गुन्हा दिसला तर स्वतः दखल घेऊ शकते. त्यांनी पुढील तपास सांगितला, कोणते मुद्दे राहिलेत तेही आदेशात लिहिलं. सराफाचा जबाब झाला. आज खटला चालू आहे.

बहिणीला ते एक वाक्य, ‘पोलिसांच्या मताने मी बांधलेली नाही’, अजून पाठ आहे.

---

काळा_कोट · १ ऑक्टोबर

सायलीताई, तुमच्या मॅडमनी एका वाक्यात १९६७ पासूनचा कायदा सांगितला. त्या साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की दंडाधिकारी पोलिसांना आरोपपत्र दाखल करायला भाग पाडू शकत नाही. आणि २०१९ मध्ये हेही म्हटलं की आरोप निश्चित होईपर्यंत पुढील तपासाचा आदेश दंडाधिकारी देऊ शकतो. दोन्ही एकत्र वाचायचे. पुढील तपास वेगळा, पहिला तपास पुसून नव्याने तपास वेगळा. नव्याने तपास किंवा दुसऱ्या यंत्रणेकडे तपास देणं हे उच्च आणि सर्वोच्च न्यायालयाचं काम, तेही क्वचित.

---

रानवारा · २ ऑक्टोबर

सायलीताईंचं वाचून माझं मत थोडं हललं. पूर्ण नाही. त्यांच्या बहिणीला चांगल्या मॅडम मिळाल्या. मुद्दे लिहून देणारे दंडाधिकारी किती? बहुतेक आदेश दोन ओळींचे असतात.

---

काळा_कोट · २ ऑक्टोबर

तेही खरं. आणि दोन ओळींचा आदेश दोन्हीकडून घातक असतो. जानेवारी २०२५ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १५६(३) चा आदेश रद्द केला, कारण दंडाधिकाऱ्यांनी आरोपांतून गुन्हा होतो का हे न तपासता यांत्रिकपणे गुन्हा नोंदवायला सांगितलं होतं. म्हणून मी पक्षकारांना सांगतो, अर्ज नऊ पानांचा करू नका. दोन पानं. तारीख, रक्कम, कागद, आणि पोलिसांनी काय केलं नाही. चांगला आदेश लिहिता येईल असा अर्ज आपण द्यायचा.

बोरीबाभळी, गुन्हा नोंदवला गेला तर आणखी एक लक्षात ठेवा. नव्या संहितेत नव्वद दिवसांच्या आत तपासाची प्रगती फिर्यादीला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. नाही कळवली तर त्यावर लेखी विचारा. आणि दंडाधिकाऱ्यांनी पोलिसांकडे न पाठवता अर्ज खाजगी फिर्याद म्हणून चालवला, तर घाबरू नका. तिथे काकांचा जबाब शपथेवर होईल. नवीन कायद्यात दखल घेण्याआधी समोरच्यालाही बोलायची संधी आहे, त्यामुळे वेळ लागेल. पण विसार पावती, आरटीजीएसची नोंद आणि फेरफार, सगळे कागद तुमच्याच हातात आहेत. पोलिसांनी शोधून आणावं असं फारसं उरलेलं नाही. एक सांगतो, हेच कारण देऊन ‘पोलीस तपासाची गरज काय’ असंही विचारलं जाऊ शकतं. तेव्हा रोख दोन लाख कुठे गेले आणि प्लॉट विकून आलेली रक्कम कुठे आहे, हे शोधायला तपास हवा, असं अर्जातच लिहा.

दिवाणी दावाही मुदतीत लावा. फौजदारीतून पैसे परत येतीलच असं धरून बसू नका. विसार परतीची तीन वर्षांची मुदत अंगावर येईल.

---

बोरीबाभळी · १९ नोव्हेंबर

मंडळी, उशिरा लिहितोय.

एसपींना रजिस्टर पोस्टाने अर्ज दिला, दोन पानांचा, फेरफारासह. तीन आठवडे वाट पाहिली. रानवारा म्हणाले तसंच झालं, अर्ज ठाण्यात परत आला. पण या वेळी ठाण्यातून फोन आला आणि मूळ फेरफार मागितला. आम्ही प्रमाणित प्रत दिली. गुन्हा काही नोंदवला नाही. मग वकील लावून तालुक्याच्या कोर्टात १७५(३) चा अर्ज, प्रतिज्ञापत्रासह. काल पहिली तारीख झाली. कोर्टाने पोलिसांचं म्हणणं मागवलंय. साहेबांनी काकांना एकच विचारलं, ‘प्लॉट आधीच विकला होता हे तुम्हाला कधी कळलं?’ काका म्हणाले, ‘ऑगस्टात, तलाठी कार्यालयात.’ साहेबांनी ते लिहून घेतलं.

परत येताना काका एसटीत म्हणाले, कुणीतरी विचारलं तरी. रात्री जेवले.

पुढची तारीख ८ डिसेंबर. मूळ विसार पावती कोर्टात द्यावी लागेल का? ती हातची सोडायला काका तयार नाहीत.

---

जुना_हवालदार · १९ नोव्हेंबर

मूळ पावती सोबत न्या, दाखवा, झेरॉक्स साक्षांकित करून द्या. गुन्हा नोंदवला आणि पोलिसांनी तपासात मागितली तर पंचांसमोर जप्ती पंचनामा करूनच द्या, आणि पंचनाम्याची नक्कल त्याच वेळी मागून घ्या. नुसती हातात कुणालाही देऊ नका. ठाण्यातल्या माणसालाही नाही. मी ठाण्यातला म्हणून सांगतोय.